‘शिकवलं ते आईने’: इंग्रजीतलं क्लेफ्ट वाक्य वर्गात कसं उलगडावं

मॅडम, तुमचा प्रश्न मी दोनदा वाचला. उदगीरजवळच्या कनिष्ठ महाविद्यालयात तुम्ही अकरावी-बारावीला इंग्रजी शिकवता. फळ्यावर तुम्ही वाक्य लिहिलं, ‘इट वॉज माय मदर हू टॉट मी टू रीड’, आणि सांगितलं की ‘माय मदर टॉट मी टू रीड’ हेच वाक्य जोर देऊन म्हटलं की असं होतं. तेव्हा एका मुलीने विचारलं, ‘मॅडम, यातलं इट म्हणजे कोन? आई का?’ त्यावर तुम्ही जे सांगितलं त्याने तिचंही समाधान झालं नाही आणि तुमचंही. पुढच्या आठवड्यात निबंध आले, तर दर तिसरं वाक्य ‘इट इज’ने सुरू झालेलं. वर परीक्षेतले प्रश्न आहेतच: ‘हू’ की ‘दॅट’, ‘आय हू अ‍ॅम’ की ‘आय हू इज’.

मला यात तीन वेगळे प्रश्न दिसत नाहीत. मुलीला ‘इट’ कळलं नाही आणि मुलांनी निबंधात ते वाक्य पेरलं, दोन्हींचं कारण एकच आहे. हे वाक्य कधी बोलतात, हे त्यांना कोणी सांगितलेलं नाही. रूप हाती आलं, पण ते काढायची वेळ कळली नाही.

उत्तर तुमच्या वर्गावरही अवलंबून आहे, हे आधीच सांगतो. बारावीच्या परीक्षेपुरतं शिकवायचं असेल तर दोन तास पुरतात. मुलं पुढे स्पर्धा परीक्षेला बसणार असतील तर चुका ओळखण्याचा सराव लागेल. मुलाखतीत किंवा नोकरीत बोलायचं असेल तर ‘इट’पेक्षा ‘व्हॉट’ने सुरू होणारी वाक्यं जास्त उपयोगी पडतात, त्यांच्याकडे पुढे येतो. मी अंबाजोगाईला 27 वर्षं शिकवलं. माझ्या वर्गात बहुतेक मुलं घरात पहिल्यांदाच इंग्रजी शिकणारी होती, त्यामुळे माझी पद्धत मराठीतून जाते. तुमच्याकडे सेमी-इंग्रजीची मुलं असतील तर काही पायऱ्या गाळता येतील.

आता ‘जोर देण्यासाठी’ या उत्तराकडे. पहिली काही वर्षं मीही हेच सांगत होतो. ते चूक नाही, पण अपुरं आहे आणि त्यातूनच निबंधातला घोळ होतो. मुलगा विचार करतो, जोर दिला की वाक्य भारी होतं, मग जास्त जोर द्यावा. खरं काम जोराचं नाहीच. खरं काम असं की वाक्यातला एक भाग आधीच मान्य झालेला आहे असं धरायचं आणि उरलेली एकच रिकामी जागा भरायची. ‘इट वॉज माय मदर हू टॉट मी टू रीड’ म्हणणाऱ्याने ‘मला कोणीतरी वाचायला शिकवलं’ हे गृहीत धरलंय. कोणी, एवढंच तो सांगतोय.

हे वर्गात पटवायचं असेल तर नकार लावून बघा. यापेक्षा सोपी युक्ती मला आजवर सापडलेली नाही. फळ्यावर दोन वाक्यं लिहा. पहिलं, ‘माय मदर डिड नॉट टीच मी टू रीड’. दुसरं, ‘इट वॉज नॉट माय मदर हू टॉट मी टू रीड’. मग मुलांना विचारा, या दोघांपैकी कोणाला वाचता येतं? पहिल्या वाक्यातला माणूस कदाचित निरक्षरही असेल, काही सांगता येत नाही. दुसऱ्याला मात्र नक्की वाचता येतं. आईने नाही शिकवलं, पण आजीने, गुरुजींनी, थोरल्या बहिणीने, कोणीतरी शिकवलंच. नकार आला तरी ‘कोणीतरी शिकवलं’ हा भाग जागचा हलला नाही. प्रश्न करून बघा, ‘वॉज इट युवर मदर हू टॉट यू टू रीड?’, तरी तो हलत नाही. वर्गातल्या हुशार मुलांच्या चेहऱ्यावर इथे फरक दिसतो.

‘क्लेफ्ट’ या शब्दाचा अर्थ चिरलेलं, दुभंगलेलं. दुभंगलेल्या ओठाला डॉक्टर क्लेफ्ट लिप म्हणतात, तोच हा शब्द. वाक्याला हे नाव डॅनिश व्याकरणकार ऑटो येस्पर्सन यांनी 1937 साली दिलं. आपल्या मुलांना ओठापेक्षा तुरीचं उदाहरण जवळचं. लातूरच्या डाळ मिलमध्ये तुरीचा एक दाणा जातो आणि त्याच्या दोन डाळी होतात. दाणा तोच, डाळी दोन. ‘माय मदर टॉट मी टू रीड’ हा अख्खा दाणा, एकच क्रियापद. तो भरडला की ‘इट वॉज माय मदर’ ही एक डाळ आणि ‘हू टॉट मी टू रीड’ ही दुसरी, प्रत्येकीत स्वतःचं क्रियापद. पहिल्या डाळीत उत्तर, दुसरीत आधीच ठाऊक असलेली गोष्ट.

पण इंग्रजीला ही भरड का लागते? मराठीत आपण म्हणू शकतो: आईने मला वाचायला शिकवलं. मला आईने वाचायला शिकवलं. मला वाचायला शिकवलं आईने. ‘आईने’ला ‘ने’ चिकटलेला आहे, त्यामुळे ती वाक्यात कुठेही बसली तरी शिकवणारी तीच राहते. इंग्रजीत ही मोकळीक नाही. तिथे कर्ता कोण आणि कर्म कोण हे जागेवरून ठरतं. शब्द हलवला की अर्थच उलटतो. म्हणून एखादा शब्द पुढे आणायचा तर त्याच्यासाठी वेगळं छोटं वाक्य उभं करावं लागतं. येस्पर्सन यांचंही म्हणणं हेच होतं की ज्या भाषांत शब्दांचा क्रम ताठर असतो त्यांना अशा वाक्यांची गरज जास्त पडते.

बोलताना इंग्रजी माणसाकडे आणखी एक साधन असतं, आवाज. तो ‘मदर’वर आघात देऊन साधंच वाक्य म्हणतो आणि काम भागतं. आपली मुलं इंग्रजी एका सुरात वाचतात, त्यामुळे हा आघात त्यांच्या कानावर फारसा आलेला नसतो. कागदावर तर आवाज नसतोच. म्हणून क्लेफ्ट वाक्यं लिखाणात जास्त भेटतात. मुलांना आधी साधं वाक्य वेगवेगळ्या शब्दांवर आघात देऊन मोठ्याने म्हणायला लावा आणि मगच क्लेफ्ट लिहायला द्या, असा माझा आग्रह असतो. तोंडातून एकदा गेलं की हाताला जड जात नाही.

आता त्या मुलीचा प्रश्न, ज्यासाठी खरं तर मी लिहायला बसलो. ‘इट’ म्हणजे आई नाही. ‘इट’ने जागा धरून ठेवली आहे. इंग्रजी वाक्याला क्रियापदाच्या आधी कोणीतरी लागतंच, म्हणून ‘पाऊस पडतोय’ला ते लोक ‘इट इज रेनिंग’ म्हणतात. तिथल्या ‘इट’लाही आपण ‘कोण?’ विचारत नाही. दारावर थाप पडली आणि आतून कोणी ‘हू इज इट?’ विचारलं की बाहेरचा म्हणतो, ‘इट्स मी’. हे अर्धं सोडलेलं क्लेफ्ट वाक्यच आहे. ‘हू इज अ‍ॅट द डोअर’ हा उरलेला भाग दोघांनाही माहीत असल्यामुळे गळून पडला.

शिवाय मराठीतही याचा सख्खा भाऊ आहे, तो मुलीला दाखवा: ‘मला वाचायला शिकवलं ते आईने.’ यातलं ‘ते’ म्हणजे कोण? कोणीच नाही. तरी ते काढलं तर वाक्याचा तोल जातो. अशी वाक्यं आपण दिवसभर बोलतो. ‘गाडी थांबली ती परळीला.’ ‘पाऊस आला तो रात्री.’ ‘लातूरला पाणी आलं ते मिरजेहून.’ या शेवटच्या वाक्याने माझ्या वर्गात नेहमी शांतता पसरायची. 2016 च्या उन्हाळ्यात पाण्याची रेल्वे आली, तेव्हा घागरी घेऊन उभी राहिलेली मुलंच समोर बसलेली असायची. ‘इट वॉज फ्रॉम मिरज दॅट द वॉटर केम’ हे वाक्य त्यांना कोणी समजावून द्यावं लागलं नाही.

या मराठी भावाचा एक धोका मात्र आहे आणि तो मला उशिरा लक्षात आला. आपलं ‘तो, ती, ते’ नामाप्रमाणे बदलतं. गाडी थांबली ती, पाऊस आला तो, शेतकरी आले ते. इंग्रजी ‘इट’ कधीच बदलत नाही आणि त्याच्यासोबतचं ‘इज’ किंवा ‘वॉज’ही अनेकवचनी होत नाही. ‘इट इज द फार्मर्स हू सफर.’ शेतकरी अनेक, तरी ‘इट इज’. मुलं इथे ‘दे आर द फार्मर्स हू सफर’ लिहितात. हे इंग्रजीत वाक्य म्हणून चालतं, पण अर्थ बदलतो: ‘ते बघा, ते सोसणारे शेतकरी आहेत.’ दुसऱ्या डाळीतलं क्रियापद मात्र नामाप्रमाणे चालतं, म्हणून ‘सफर’, ‘सफर्स’ नाही. पहिल्या डाळीत एकवचन आणि दुसरीत अनेकवचन, हे मुलांना विचित्र वाटतं. तसं वाटू द्या आणि पाच-सहा वाक्यं म्हणून घ्या.

मराठीतून जाताना दुसरी वाट ‘च’ची आहे. ती जास्त जवळची, पण फसवीही. तुमच्या मुलांचं बोलणं ऐका. ‘रमेश ओन्ली टोल्ड मी.’ ‘आय केम येस्टरडे ओन्ली.’ हा ‘ओन्ली’ म्हणजे आपला ‘च’. ‘रमेशनेच सांगितलं’, ‘कालच आलो’. हिंदीतल्या ‘ही’चंही हेच होतं, म्हणून असं इंग्रजी भारतभर ऐकू येतं. ते ऐकून मुलाला रागावू नका. त्याला म्हणायचं काय आहे ते बरोबर आहे, फक्त त्यासाठी बाहेरच्या जगात वेगळी रचना वापरतात आणि ती त्याला हवी आहे. माझ्या अनुभवात क्लेफ्ट शिकवायला यासारखा दुसरा क्षण नाही. मुलाच्या तोंडून ‘ओन्ली’ निघाला की तिथेच थांबायचं. ‘तुला म्हणायचंय, सांगितलं ते रमेशने, दुसऱ्या कोणी नाही? मग म्हण, इट वॉज रमेश हू टोल्ड मी.’

पण प्रत्येक ‘च’ असा फिरत नाही. ‘मी कालच आलो’मध्ये दुसरा कुठला दिवस खोडायचा नसतो, फार वेळ झाला नाही एवढंच सांगायचं असतं. ते ‘आय केम ओन्ली येस्टरडे’ किंवा ‘इट वॉज ओन्ली येस्टरडे दॅट आय केम’. ‘मी येणारच’ यात निश्चय आहे, त्याला ‘आय विल डेफिनिटली कम’. ‘तो आलाच नाही’ म्हणजे ‘ही डिड नॉट कम अ‍ॅट ऑल’. ‘शेतात पाणीच पाणी’ला तर क्लेफ्टचा काहीच संबंध नाही. आणि ‘साहेबांनीच सांगितलं’ हे दोन प्रकारे ऐकू येतं: साहेबांनी स्वतः सांगितलं, किंवा सांगणारे साहेब होते, कारकून नव्हे. पहिल्याला ‘हिमसेल्फ’ लागेल, दुसऱ्याला क्लेफ्ट. मुलांना नियम पाठ करायला लावण्यापेक्षा मी विचारतो, ‘या वाक्याआधी कोणी काय विचारलं असेल?’ ‘कोणी सांगितलं?’ असा प्रश्न बसत असेल तर क्लेफ्ट. बसत नसेल तर दुसरं काहीतरी.

थोडक्यात, इथवर दोनच गोष्टी झाल्या. वाक्याचा अर्धा भाग आधीच मान्य धरलेला असतो; आणि वाक्यामागे एक प्रश्न असतो, तो बोललेला असो की नसो. निबंधातल्या घोळाचं औषध यातच आहे. ‘माझे गाव’ या निबंधाच्या पहिल्याच ओळीत मूल ‘इट इज माय व्हिलेज दॅट इज ब्यूटिफुल’ लिहितं, तेव्हा वाचणाऱ्याने विचारलेलंच नसतं की कोणतं गाव सुंदर. वर त्यातून असा अर्थ निघतो की सुंदर गाव एकच, बाकीची नाहीत. मुलाला हे दाखवा, तो स्वतःच खोडतो.

हा ‘बाकीचे नाहीत’ मुद्दा वर्गाबाहेरही महत्त्वाचा आहे. माझ्या एका विद्यार्थ्याची शिष्यवृत्ती अडली होती, कारण त्याचा जातीचा दाखला फाइलीत सापडत नव्हता. त्याने संबंधित कार्यालयाला इंग्रजीत पत्र लिहिलं आणि वर्गात शिकलेलं वाक्य वापरलं: ‘इट वॉज युवर ऑफिस दॅट लॉस्ट माय सर्टिफिकेट.’ व्याकरण शंभर टक्के बरोबर. पण त्या एका वाक्यात दोन गोष्टी झाल्या. दाखला हरवला, हे त्याने आपल्या बाजूने कायमचं ठरवून टाकलं. आणि हरवणारे तुम्हीच, दुसरं कोणी नाही, असं बोट दाखवलं. उत्तर कडक आलं, त्यात दाखला कार्यालयाने हरवल्याचा पुरावा मागितला होता. आम्ही दोघांनी बसून पत्र पुन्हा लिहिलं. अमुक तारखेला दाखला दिला, ही पोच, आता तो फाइलीत दिसत नाही, कृपया पाहावं. सगळी साधी वाक्यं. त्या पत्राला नीट उत्तर आलं. तेव्हापासून तक्रारीच्या पत्रात क्लेफ्ट वापरण्याआधी मी मुलांना विचारायला लावतो, समोरच्याला हा अर्धा भाग मान्य आहे का?

ऐकतानाही हे उपयोगी पडतं. सभेत कोणी म्हणतं, ‘गावाला रस्ता आणला तो आम्ही.’ दुसरा उठतो, ‘तुम्ही नाही, आम्ही.’ तासभर वाद कोणी आणला यावर चालतो आणि रस्ता पुरा झाला का, हे विचारायचं राहून जातं, कारण ‘रस्ता आणला’ हा भाग दोघांनी मिळून मान्य धरलेला आहे. बारावीच्या मुलांना हे उदाहरण लगेच भिडतं. भाषा शिकवताना एवढं जागेपण त्यांच्या हाती लागलं तर मला तास सार्थकी लागल्यासारखं वाटतं.

माझ्याच नियमाला एक अपवाद आहे, तो लपवून ठेवत नाही. इतिहासाच्या लिखाणात क्लेफ्टचा दुसरा भाग वाचकाला माहीत नसतो, तरी तो माहीत असल्यासारखा सांगतात. ‘इट वॉज ऑन 17 सप्टेंबर 1948 दॅट द निझाम सरेंडर्ड.’ ‘इट वॉज डॉक्टर आंबेडकर हू, इन 1950, फाउंडेड मिलिंद कॉलेज इन औरंगाबाद.’ वाचकाने आधी काही विचारलेलं नाही. तरी ही वाक्यं शोभतात, कारण लिहिणारा सांगतोय, हे सर्वमान्य आहे, तुम्हीही जाणून घ्या. अशा वाक्याने परिच्छेद सुरू केला तर त्याला वजन येतं. पण एका निबंधात एकदा. मुलांना मी हे सर्वांत शेवटी दाखवतो, नाहीतर पुन्हा दर तिसऱ्या ओळीला ‘इट वॉज’ येतो.

आता ‘व्हॉट’कडे. ‘इट’च्या साच्यात नाम बसतं, वेळ बसते, जागा बसते, ‘बिकॉज’ने सुरू होणारं कारण बसतं (‘सिन्स’ किंवा ‘अ‍ॅज’ने सुरू होणारं नाही). क्रियापद मात्र बसत नाही. ‘त्याने केलं काय, तर शेत विकलं’ हे इंग्रजीत ‘इट’ने सांगता येत नाही. तिथे ‘व्हॉट ही डिड वॉज सेल द लँड’. ‘सेल’च्या आधी ‘टू’ घातला तरी चालतो. पण ‘व्हॉट ही इज डूइंग’ने सुरुवात केली तर पुढे ‘इज सेलिंग’. यात क्रम उलटा आहे, हे मुलांना जरूर दाखवा. ‘इट’मध्ये उत्तर सहसा आधी येतं. ‘व्हॉट’मध्ये ठाऊक भाग आधी आणि उत्तर शेवटी, ऐकणाऱ्याला थोडं थांबवून. आपणही बोलताना हेच करतो: ‘मला म्हणायचंय ते असं की…’, ‘गावाला पाहिजे ते एक हायस्कूल.’ म्हणूनच मुलाखतीला जाणाऱ्या मुलांना मी ‘व्हॉट आय वाँट टू से इज’, ‘व्हॉट आय लर्न्ट देअर वॉज’ अशी दोन-तीन सुरुवाती तोंडपाठ करायला सांगतो. अडखळणाऱ्याला त्यातून विचार करायला दोन क्षण मिळतात आणि वाक्यही मोडत नाही. ‘ऑल आय नीड इज वन चान्स’ हेही याच घरातलं. त्यातल्या ‘ऑल’मध्ये आपला ‘एवढंच’ आहे. माणसासाठी मात्र ‘व्हॉट’ नको. ‘व्हॉट आय मेट वॉज सुनीता’ नाही, ‘द पर्सन आय मेट वॉज सुनीता’.

परीक्षेचे मुद्दे पटकन सांगतो. माणसासाठी ‘हू’ किंवा ‘दॅट’ दोन्ही चालतात. वस्तू, वेळ, जागा यांसाठी ‘दॅट’ लिहायला लावा. ‘इट वॉज इन किल्लारी दॅट’ लिहायचं. ‘इन’ आलेला असताना पुढे ‘व्हेअर’ घातला तर जागा दोनदा सांगितली जाते. कर्म पुढे आणलं असेल तर ‘दॅट’ गाळता येतो, ‘इट वॉज सुनीता आय मेट’. कर्ता आणला असेल तर लिखाणात गाळू नये. ‘इट इज आय हू अ‍ॅम रिस्पॉन्सिबल’ हे व्याकरणाच्या परीक्षेतलं उत्तर, कारण ‘हू’च्या मागे ‘आय’ आहे. बोलताना मात्र इंग्रज माणूसही ‘इट्स मी हूज रिस्पॉन्सिबल’ म्हणेल. मुलांना दोन्ही सांगा आणि कुठे कोणतं वापरायचं तेही.

एक सापळा राहिला. ‘इट इज क्लिअर दॅट ही लाइड’ हे दिसायला क्लेफ्टसारखं, पण क्लेफ्ट नाही. तपासायला ‘इट इज’ आणि ‘दॅट’ पुसून टाका. ‘इट वॉज रमेश दॅट ब्रोक द ग्लास’मधून ‘रमेश ब्रोक द ग्लास’ उरतं, पुरं वाक्य. ‘क्लिअर ही लाइड’ काही उरत नाही. जे पुसून पुरं उरतं तेच आपलं.

सरावासाठी ‘रूपांतर करा’ छापाची वाक्यं मी बरीच वर्षं दिली आणि नंतर पूर्ण बंद केली. त्यातूनच मुलांना वाटतं की कोणतंही वाक्य क्लेफ्ट करता येतं आणि करावं. त्याऐवजी मी फळ्यावर मुद्दाम चुकीची विधानं लिहितो. ‘जायकवाडी इज ऑन द कृष्णा.’ ‘द अर्थक्वेक स्ट्रक किल्लारी इन 1995.’ ‘द वॉटर ट्रेन केम फ्रॉम पुणे.’ मुलांनी उभं राहून मला दुरुस्त करायचं. ‘नो सर, इट इज ऑन द गोदावरी दॅट जायकवाडी स्टँड्स.’ ‘नो सर, इट वॉज इन 1993.’ अर्धं सोडलेलं उत्तरही मान्य करा, कारण खऱ्या बोलण्यात ते तसंच सोडतात. गुरुजींना चूक दाखवायची म्हटल्यावर शेवटचा बाकही उठतो. आणि न सांगता त्यांच्या लक्षात येतं की हे वाक्य कोणीतरी चुकीचं बोलल्यावर किंवा काही विचारल्यावर येतं, आपलं आपण येत नाही.

त्या मुलीसाठी उद्याचा तास असा घ्या. तिलाच विचारा, ‘हू टॉट यू टू राइड अ बायसिकल?’ ती बहुधा एका शब्दात सांगेल, ‘भाऊ’. मग म्हणा, ‘सो इट वॉज युवर फादर?’ ती मान हलवून ‘नो’ म्हणेल, आणि तिथे थोडा वेळ गप्प राहा. पुढचं वाक्य तिने स्वतः जुळवलं की फळ्यावर लिहा आणि त्यातल्या ‘इट’खाली रेघ ओढून तिलाच विचारा की हे कोण. ती काय म्हणाली ते मला इथे जरूर कळवा. आणि निबंधांतली दोन-चार वाक्यंही टाका, कुठे अडतंय ते बघू.